अपिलात निवाडा दाखवण्याआधी: कोकणातल्या नव्या वकिलांसाठी

मुदत, कोर्ट फी, दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९६ (पहिलं अपील) हे तुम्हाला येतं. एवढंच लक्षात ठेवा, नकलेचा अर्ज निकालाच्याच दिवशी टाका. जिल्हा न्यायालयातल्या अपिलाला ३० दिवस असतात. नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात, अर्ज करायला तुम्ही लावलेले दिवस होत नाहीत.

नवा वकील अडकतो तो निवाड्यात. हेडनोट, म्हणजे छापील निवाड्याच्या वरचा सारांश, वाचली, वाक्य पक्षकाराच्या बाजूचं वाटलं, प्रिंट काढली. असं कधीच करू नका. हेडनोट संपादकाची असते, न्यायमूर्तींची नव्हे.

आपल्याकडचा रोजचा दावा घ्या: सामाईक सातबारा, आंब्याची कलमं, मुलगी हिस्सा मागतेय, वडील २००५ पूर्वी वारलेले. 'प्रकाश विरुद्ध फुलवती'त दोन न्यायमूर्तींनी २०१५ मध्ये म्हटलं की ९ सप्टेंबर २००५ ला, म्हणजे मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क देणारी हिंदू उत्तराधिकार कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, वडील हयात हवेत. २०१८ मध्ये 'दानम्मा विरुद्ध अमर'मध्ये, तेवढ्याच संख्येच्या पीठाकडून, वडील आधीच वारलेले असूनही मुलींना हिस्सा मिळाला. आता दोन सारख्या पीठांत नवं कुठलं, एवढंच बघून चालत नाही. म्हणून प्रश्न तीन न्यायमूर्तींकडे गेला आणि ११ ऑगस्ट २०२० ला 'विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा'त ठरलं: हक्क जन्मानेच, वडील हयात असण्याची अट नाही. फुलवती रद्द झाला. तरी जुन्या पुस्तकात तो तसाच छापलेला आहे. तेव्हा प्रत्येक निवाडा नंतर रद्द झाला का, ते तपासायचं.

पण विनीता शर्मा हाती आला म्हणजे अपील जिंकलं असंही नाही. जमीन वडिलांनी स्वतःच्या कमाईने घेतली असेल तर तो लागूच होत नाही. त्या दुरुस्तीतच दिलेल्या २० डिसेंबर २००४ या तारखेपूर्वीचं नोंदणीकृत वाटपपत्र असेल तर तेही अबाधित राहतं. तोंडी वाटपाचा बचाव मात्र सहज टिकत नाही, त्याला सरकारी कागदपत्रांचा भक्कम आधार लागतो. प्राथमिक (कुणाचा किती हिस्सा ते ठरवणारा) हुकूमनामा आधीच झाला असला, तरी अपील किंवा अंतिम हुकूमनाम्याचं काम प्रलंबित असेल तर मुलीला वाढीव हिस्सा मागता येतो. हे बऱ्याच जणांच्या नजरेतून सुटतं, आणि पक्षकाराचं नुकसान होतं.

मुंबई उच्च न्यायालयाचा निवाडा आपल्या जिल्हा न्यायालयाला बंधनकारक, दुसऱ्या उच्च न्यायालयाचा फक्त मार्गदर्शक. विरोधात जाणारा बंधनकारक निवाडा असेल तर तो स्वतःच दाखवा आणि आपली वस्तुस्थिती कुठे वेगळी पडते ते सांगा. लपवलात तर न्यायाधीशांचा विश्वास जातो, आणि तो परत मिळवणं फार अवघड.

सिनियरकडून तयार यादी घ्यायची सवय मला पटत नाही. त्यापेक्षा एकच निवाडा तीनदा पूर्ण वाचा. वीस लागत नाहीत, घाबरू नका.

युक्तिवादाला प्रती तीन: कोर्टाला, समोरच्या वकिलांना, स्वतःला. परिच्छेदांवर खूण आणि शेजारी आपल्या पुराव्याचा निशाणी क्रमांक. त्याच संहितेच्या आदेश ४१ नियम ३१ प्रमाणे न्यायाधीशांना मुद्दे काढून त्यावर कारणं द्यावी लागतात, म्हणून तुमचे निवाडेही मुद्द्यानुसार लावा. दुसऱ्या अपिलात फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न चालतो. रत्नागिरी-सिंधुदुर्गातून ते आता मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचला जातं, रायगडचं मुंबईलाच.