विदर्भातील गावात बिनतारी कॅमेरा स्वतः बसवताना

बिनतारी कॅमेऱ्याला चित्र पाठवण्यासाठी तार लागत नाही, एवढाच त्या नावाचा अर्थ आहे. वीज मात्र त्यालाही लागते, मग ती घरच्या बोर्डातून येवो किंवा बॅटरी आणि सौर पॅनलमधून. म्हणून चांगला भाव येईल या आशेने कापूस घरात भरून ठेवलेला असो किंवा कोठ्यात बैलजोडी बांधलेली असो, कॅमेऱ्याची किंमत विचारण्याआधी त्या जागेपर्यंत सिग्नल आणि वीज कशी पोहोचेल, हे पाहावे. चार कॅमेऱ्यांचा संच एकदम घेण्यापेक्षा आधी एकच बसवून पाहणे शहाणपणाचे आहे.

घरच्या राउटरवर चालणारे बहुतेक कॅमेरे २.४ गिगाहर्ट्झचे वायफाय वापरतात, कारण ५ गिगाहर्ट्झचा सिग्नल वेगवान असला तरी भिंतीपलीकडे लवकर मंदावतो. राउटर दोन्ही सिग्नल एकाच नावाने देत असेल, तर जोडणी करताना कधीकधी कॅमेऱ्याला नेटवर्क सापडत नाही. अशा वेळी राउटरच्या सेटिंगमध्ये जाऊन दोघांना वेगवेगळी नावे द्यावीत. जुन्या घरांच्या जाड मातीच्या भिंती सिग्नल बराच खातात आणि टिनाचे शेड तर तो अडवूनच धरते, त्यामुळे आतल्या खोलीतल्या कपाटावरचा राउटर कोठ्याच्या बाजूच्या खिडकीपाशी आणून ठेवला, तरी पुष्कळ फरक पडतो. भिंतीला छिद्र पाडण्याआधी कॅमेरा घरातच मोबाइलला जोडून घ्यावा. तो ५ व्होल्टवर चालणारा असेल, तर पॉवर बँकेवर चालू करून एकाने ठरलेल्या जागी शिडीवर धरावा आणि दुसऱ्याने घराचे दरवाजे लावून, मोबाइलचे वायफाय बंद करून, नुसत्या डेटावर चित्र पाहावे. चित्र अडखळत असेल तर जागा बदलावी किंवा मध्ये सिग्नल पुढे पोहोचवणारा रिपीटर लावावा.

वावरातल्या मोटारीवर लक्ष ठेवायचे असेल, तर तिथे सिमकार्डवर चालणारा फोरजी कॅमेराच घ्यावा लागेल. चित्राचा वेग सेकंदाला १ मेगाबिट धरला, तरी थेट पाहताना तासाला सुमारे ४५० एमबी डेटा जातो, म्हणजे रोजचा दीड जीबी सव्वातीन तासांतच संपतो. कॅमेऱ्यातल्या मेमरी कार्डवर होणाऱ्या चित्रणाला मात्र डेटा लागत नाही आणि इंटरनेट बंद असले तरी ते चालूच राहते, त्यामुळे कार्डाशिवाय कॅमेरा बसवू नये. चित्रणाचा वेग २ मेगाबिट असेल, तर १२८ जीबीच्या कार्डात अखंड चित्रण साधारण साडेपाच दिवसांचे मावते. त्यानंतर जुन्यावर नवे चढत जाते.

लाइन गेली की कॅमेऱ्याबरोबर राउटरही बंद पडतो, हे पुष्कळांच्या लक्षात येत नाही. घरी इन्व्हर्टर असेल तर दोन्ही त्याच्यावर घ्यावेत; नसेल तर राउटरसाठी मिळणारा छोटा यूपीएस पुरतो, पण घेताना ॲडॅप्टरवर लिहिलेले व्होल्ट आणि अँपिअर जुळतात का, ते वाचून घ्यावे. बोर्डातून नवी जोडणी काढताना मेन स्विच बंद ठेवावा आणि विजा कडाडू लागल्या की प्लग काढून ठेवावा.

सौर कॅमेरा घेणाऱ्यांनी आपला उन्हाळा विसरू नये. चंद्रपूर, ब्रह्मपुरी, अकोला या भागांत मे महिन्यात पारा ४५ अंशांवर जातो आणि लिथियम बॅटरी साधारणपणे त्यापुढे चार्ज करू नये, असे मानतात; उन्हात टांगलेल्या डबीच्या आतले तापमान तर हवेपेक्षाही जास्त असते. म्हणून पॅनल वेगळ्या तारेवर मिळणारा कॅमेरा निवडावा, पॅनल दक्षिणेकडे तोंड करून साधारण २० अंश तिरपे उन्हात लावावे आणि कॅमेरा छपरीच्या सावलीत ठेवावा. दुसरी अडचण हालचाल ओळखण्याची आहे. बॅटरीवरचे बहुतेक कॅमेरे अंगाची उष्णता आणि सभोवारची उष्णता यांतल्या फरकावरून माणूस ओळखतात, आणि हवाच अंगाइतकी तापली की तो फरक उरत नाही. त्या दिवसांत संवेदनशीलता वाढवून ठेवावी आणि माणूस समोरून चालत येण्याऐवजी चित्रात आडवा जाईल अशी जागा निवडावी, कारण आडवी हालचाल या सेन्सरला लवकर कळते.

कॅमेरा ८ ते १० फूट उंचीवर, किंचित खाली झुकवून लावावा; फार वर लावला तर चेहऱ्याऐवजी टोपीच दिसते. फाटक पश्चिमेला असेल, तर मावळतीचे ऊन थेट काचेवर येणार नाही असा कोन ठेवावा. सिमेंटच्या भिंतीत छिद्र पाडून प्लास्टिकची गिट्टी ठोकून स्क्रू आवळले की काम झाले, पण मातीच्या भिंतीत गिट्टी धरत नाही. तिथे छपरीच्या लाकडी खांबाला फळी ठोकून तिच्यावर कॅमेरा बसवावा. तार पीव्हीसी पाइपमधून न्यावी, कारण लोंबती तार वानरे सोडत नाहीत. तार भिंतीत शिरण्याआधी खाली थोडा झोळ ठेवावा, म्हणजे पावसाचे पाणी तिच्यावरून आत न जाता झोळाशीच गळून पडते. चुन्याची पांढरी भिंत किंवा टिनाची कड चित्राच्या कोपऱ्यात येत असेल, तर रात्री कॅमेऱ्यातून निघणारा, डोळ्यांना न दिसणारा इन्फ्रारेड प्रकाश तिच्यावरून परतून सगळे चित्र पांढरट होते. पावसाळ्यात कॅमेऱ्यापाशी किडे येतात, किड्यांमागे कोळी येतो आणि काचेवर जाळे धरतो. ते आठवड्याला मऊ फडक्याने पुसावे.

जोडणी झाली की कंपनीने दिलेला पासवर्ड लगेच बदलावा, ॲपमध्ये दुहेरी पडताळणी (पासवर्डशिवाय आणखी एक कोड मागणारी सोय) सुरू करावी आणि चित्रावरची तारीख व वेळ बरोबर आहे का, ते पाहावे. शेजाऱ्याचे अंगण किंवा सांदवाडीतली, म्हणजे घरामागच्या परसातली, न्हाणी चित्रात येत असेल, तर कोन बदलावा. स्त्रीचे खासगी क्षण चोरून टिपणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा आहे.

चोरी झालीच, तर ११२ वर कळवून कॅमेऱ्यातले कार्ड आधी काढून ठेवावे, नाहीतर जुन्या चित्रणावर नवे चढेल. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ नुसार इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत प्रमाणपत्र द्यावे लागते, म्हणून नुसती व्हॉट्सॲपवर पाठवलेली चित्रफीत देऊन न थांबता मूळ कार्डच पोलिसांकडे पंचनाम्यात द्यावे आणि कॅमेऱ्यात दुसरे कार्ड घालावे.