गावच्या फुटबॉल क्लबचा इतिहास कसा लिहावा

फुटबॉल क्लब नसलेला गाव गोव्यात शोधूनच काढावा लागेल. पण क्लबचा इतिहास कोणी नीट लिहून ठेवल्याचे क्वचितच आढळते. नॉर्वेत लहानसहान क्लबही पन्नास किंवा शंभर वर्षे पुरी झाली की आपला इतिहास पुस्तकरूपाने काढतात. हे काम हाती घेणाऱ्यांनी तिथल्या म्योन्दालेन या क्लबचे उदाहरण समोर ठेवावे. ड्रामेन शहराजवळच्या नदीकाठच्या गावात १९१० साली स्थापन झालेल्या आणि तपकिरी जर्सी घालणाऱ्या या संघाने १९३३, १९३४ व १९३७ साली नॉर्वेचा राष्ट्रीय चषक जिंकला. एवढ्याशा गावाला हे कसे जमले, हा प्रश्न इतिहास लिहिणाऱ्याने धरून बसावा. चषकांची यादी कोणीही करील.

म्हणून सुरुवात मैदानापासून करावी. गावाने एकत्र येऊन, मोबदला न घेता करायच्या कामाला नॉर्वेत ‘दुग्नाड’ म्हणतात आणि तिथले लहान क्लब आजही बऱ्याच अंशी त्याच बळावर चालतात. आपल्याकडे भातकापणी झाल्यावर खेळ शेतात उतरत असे. ते शेत कोणाचे होते, मेरा कोणी सपाट केल्या, गोलपोस्टसाठी बांबू कोणाच्या कुळागरातून आले, हे वडीलधाऱ्यांना आधी विचारावे. सामन्याचा निकाल विसरलेल्या माणसालाही हे नेमके आठवते आणि एकदा बोलणे सुरू झाले की बाकीचे आपोआप येते.

आठवणी ऐकल्यावर कागद शोधावेत. सभांच्या इतिवृत्तापेक्षा जमाखर्चाची वही अधिक खरे बोलते, असा माझा अनुभव आहे. आमच्या क्लबच्या ढालीवर कोरलेले साल आम्ही वर्षानुवर्षे स्थापनेचे साल मानत आलो होतो. पण एका घराच्या माळ्यावर वाळवीने कडा खाल्लेली वही मिळाली, तेव्हा तीत त्याआधीच्या दोन मोसमांतला ब्लॅडरचा आणि चेंडू शिवण्याच्या चामडी दोरीचा खर्च लिहिलेला निघाला. त्या दोन ओळींनी क्लबचे वय बदलले.

घरचे कागद संपले की पणजीत पाटो येथील कृष्णदास शामा ग्रंथालयात जुनी वृत्तपत्रे चाळावीत. मुक्तीपूर्व काळासाठी ‘ओ हेराल्डो’सारखी पोर्तुगीज पत्रे पाहावी लागतात, तेव्हा ती भाषा जाणणारे कोणी सोबत असावे, ‘गोमन्तक’ १९६२ पासूनचा असल्याने त्यानंतरचा शोध मराठीतूनही घेता येतो. गोवा फुटबॉल असोसिएशनची स्थापना १९५९ सालची आहे, त्यामुळे त्याआधीच्या स्पर्धेशी कोणी तिचे नाव जोडले, तर आठवणीत गल्लत झाली आहे असे समजावे.

नोंदीत खंड दिसला तर तो झाकू नये, त्याचे कारण शोधावे. नॉर्वेच्या चषकाच्या यादीत १९४१ ते १९४४ या वर्षांपुढे विजेताच नाही, कारण जर्मन ताब्यात गेलेल्या क्रीडासंघटनेवर खेळाडूंनी आणि प्रेक्षकांनी बहिष्कार घातला होता. तिथली कोरी जागा हीच त्या पिढीची सर्वांत अभिमानाची नोंद आहे. आपल्या वहीतला खंड जहाजावर किंवा आखातात नोकरीला गेलेल्या मुलांमुळे पडलेला असू शकतो, किंवा दोन वाड्यांच्या भांडणामुळे. भांडण असेल तर दोन्ही वाड्यांकडे स्वतंत्रपणे बसावे आणि दोघांचे म्हणणे शेजारी शेजारी लिहावे.

संघाच्या जुन्या छायाचित्रावर नावे घालताना निदान दोघांकडून वेगवेगळी खात्री करून घ्यावी. चेंडू मांडीवर घेतलेला मुलगा बहुधा कर्णधार असतो. मागे कडेला साध्या शर्टात उभा असलेला माणूस कोण, हे मात्र आवर्जून विचारावे, कारण जर्सी धुणारा आणि चेंडू सांभाळणारा तोच निघतो.

मसुदा तयार झाल्यावर छापण्यापूर्वी तो एका संध्याकाळी मैदानावरच मोठ्याने वाचून दाखवावा, चुका सांगणाऱ्यांची नावे समासात टिपून घ्यावीत आणि छापलेली एक प्रत त्याच ग्रंथालयात नेऊन द्यावी.