प्लग वायर: काढायच्या कशा, लावायच्या कशा, टिकवायच्या कशा

बॉनेट उघडा. इंजिनाच्या डोक्यावरून पेन्सिलीएवढ्या जाड तीन-चार रबरी वायरी प्लगांकडे, म्हणजे ठिणगी पाडून पेट्रोल पेटवणाऱ्या स्पार्क प्लगांकडे जाताना दिसल्या, तर पुढचं सगळं तुमच्या कामाचं आहे. अलीकडच्या बहुतेक पेट्रोल गाड्यांत त्या दिसणार नाहीत, कारण तिथे प्रत्येक प्लगच्या डोक्यावर स्वतःची कॉइल, म्हणजे व्होल्टेज वाढवणारा भाग, बसलेली असते. डिझेल इंजिनाला तर स्पार्क प्लगच नसतो. काही इंजिनांत मात्र मधलाच प्रकार असतो: दोन प्लगांवर दोन कॉइली आणि त्या प्रत्येक कॉइलीतून जोडीदार सिलिंडरच्या प्लगकडे जाणारी एक आखूड वायर. वरचं प्लास्टिकचं झाकण काढल्याशिवाय ती दिसत नाही.

आता मूळ मुद्दा. प्लग वायर म्हाताऱ्या होऊन मरतात तशाच, किंबहुना थोड्या जास्तच, आपल्या हातून मरतात. प्लग तपासायला म्हणून कोणीतरी वायर धरून ओढतं आणि ती आतून तुटते. बाहेरून रबर अगदी धडधाकट दिसतं.

असं का होतं ते कळायला वायरीच्या पोटात डोकवावं लागेल. बॅटरीचे १२ व्होल्ट कॉइलमध्ये वाढून साधारण २०,००० ते ४०,००० व्होल्टपर्यंत जातात. एवढा दाब तापलेल्या इंजिनाच्या अंगाखांद्यावरून, वाटेत कुठेही गळू न देता प्लगपर्यंत न्यायचा, हे या वायरीचं काम. आत तांब्याची तार असेल असं वाटतं, पण बहुतेक गाड्यांत ती नसते. असतो तो कार्बन भिनवलेला धाग्यांचा गाभा. मुद्दाम रोध असलेला गाभा वापरतात, कारण साध्या तांब्याच्या तारेमुळे रेडिओत खरखर येते आणि गाडीतल्या इलेक्ट्रॉनिक्सलाही त्रास होतो. हा धागा ओढ सहन करत नाही. एकदा टर्मिनलपासून, म्हणजे वायरीच्या टोकाच्या धातूपासून, केसभर सुटला, की ठिणगी आधी त्या फटीत उडते, मग प्लगमध्ये. तिथला कार्बन जळत जातो, फट रुंदावते आणि महिन्या-दोन महिन्यांनी गाडी मिसिंग मारायला लागते, म्हणजे एखाद्या सिलिंडरमधली ठिणगी चुकून इंजिन अडखळतं. तोवर आपण केलेली ओढाताण आपल्याला आठवतही नाही.

वायरच बिघडली आहे हे कशावरून?

उभ्या गाडीत इंजिन थरथरतं, चढावर पिकअप मिळत नाही, दमट सकाळी गाडी अडखळते आणि गरम झाली की सुधारते. यातली शेवटची खूण वायरीकडे सर्वांत जास्त बोट दाखवते. ओलावा आला, की इन्सुलेशनमधल्या बारीक चिरांतून करंटला इंजिनाच्या धातूकडे जायची वाट मिळते. बिघाडाचे कोड वाचणारा स्कॅनर लावला तर पी०३०१, पी०३०२ असे कोड येतात, त्यातला शेवटचा आकडा सिलिंडरचा असतो. पी०३०० म्हणजे मिसिंग कोणा एका सिलिंडरपुरतं नाही. इंजिनाचा दिवा लुकलुकत असेल तर मात्र गाडी पुढे दामटू नका. न जळलेलं पेट्रोल एक्झॉस्टमधल्या, धूर शुद्ध करणाऱ्या कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन तिथे पेटतं, आणि कन्व्हर्टरपुढे चार वायरींची किंमत काहीच नाही.

एक चाचणी अंधारातच करायची. गाडी मोकळ्या हवेत उभी करा, गिअर न्यूट्रलमध्ये, हँडब्रेक ओढलेला. इंजिन चालू ठेवून बॉनेट उघडा आणि दिवे बंद करा. डोळे अंधाराला सरावले, की गळणारी वायर स्वतःच सापडते: बारीक निळसर ठिणग्या किंवा वायरीच्या कडेने फिकट निळी झाक, सोबत टिक-टिक असा आवाज. काहीच दिसलं नाही तर फवारणीच्या बाटलीतून एकेका वायरीवर लांबूनच पाण्याचं हलकं तुषार मारा. इंजिन लगेच अडखळलं तर समजा, त्याच वायरीत दोष. या वेळी हात इंजिनापासून लांब ठेवायचे, सैल बाह्या आणि ओढणी आवरून घ्यायची. हृदयाला पेसमेकर बसवलेल्या माणसाने चालू इंजिनाच्या इग्निशनजवळ अजिबात जाऊ नये.

चालू इंजिनाची एकेक वायर उपटून कुठलं सिलिंडर बंद आहे ते बघायची जुनी पद्धत अजून बरेच जण वापरतात. ती विसरा. झटका बसतो तो बसतोच, पण ठिणगीला जायला जागा न उरल्यामुळे कॉइलवरही अतोनात ताण येतो.

काढताना

इंजिन पूर्ण थंड होऊ द्या आणि किल्ली काढून खिशात ठेवा. गरम रबर धातूला चिकटलेलं असतं आणि सहज फाटतं. आधी मोबाइलवर दोन-तीन फोटो काढा: कोणती वायर कुठून कुठे जाते, कोणत्या क्लिपमधून जाते, हे त्यात स्पष्ट दिसायला हवं. जमलं तर वायरींवर चिकटपट्टी लावून आकडे लिहा.

मग एका वेळी एकच वायर. एक काढायची, तपासायची किंवा बदलायची, परत बसवायची, मगच दुसरीला हात लावायचा. हा नियम मी एका दुपारी शिकलो. चारही वायरी एकदम काढून, पुसून, वर्तमानपत्रावर ओळीने मांडून ठेवल्या होत्या. वाऱ्याने कागद उडाला. परत लावून स्टार्टर मारला तर इंजिनाने एअर फिल्टरमधून असा काही बार काढला, की शेजारच्या घराची खिडकी उघडली. पुढचा तासभर मी फायरिंग ऑर्डर, म्हणजे सिलिंडर पेटायचा क्रम, शोधत होतो.

वायर काढताना हात तिच्या टोकाच्या जाड रबरी टोपीवर, म्हणजे बुटावर हवा, वायरीवर नको. बूट चिमटीत धरून आधी डावी-उजवीकडे अर्धा-अर्धा फेरा फिरवा. चिकटलेलं रबर सुटलं, की हलका ‘पच्’ असा आवाज येतो आणि बूट मोकळा फिरायला लागतो. मगच सरळ वर ओढा, तिरपा नाही. खोल खड्ड्यातला लांब बूट हाताने येत नसेल तर बूट पकडायची खास प्लास्टिकची किंवा रबर चढवलेली पक्कड मिळते. साध्या पकडीने बूट चिरतो.

प्लगही काढणार असाल तर त्याआधी खड्ड्यात हवा मारून धूळ-खडे उडवून द्या, नाहीतर प्लग निघताच तो कचरा थेट सिलिंडरमध्ये पडेल.

वायर हातात आली, की बुटाच्या आत बघा. पांढुरकं-हिरवट जमलेलं असेल तर टर्मिनल गंजतंय. आतून बाहेर पेन्सिलीने ओढल्यासारखी काळी बारीक रेघ दिसली, तर ती मळाची नाही. करंटने स्वतःसाठी पाडलेली ती पायवाट आहे. पुसून ती जात नाही, तो बूट बदलायचाच. तशीच रेघ प्लगच्या पांढऱ्या चिनी मातीवरही असेल, मग प्लगही बदला, नाहीतर जुना प्लग नव्या बुटात तीच रेघ पुन्हा उमटवेल. बूट तेलाने माखून फुगला असेल तर दोष वायरीचा नाही. वरच्या झाकणाचं गॅस्केट किंवा प्लगच्या नळीचं सील गळतंय. ते दुरुस्त न करता नवी वायर लावणं म्हणजे तिलाही त्याच तेलात बुडवणं.

मीटरने मोजताना

मल्टिमीटर २० किंवा २०० किलोओहमवर ठेवा आणि वायरीच्या दोन टोकांच्या धातूला त्याच्या सळ्या टेकवा. किती रोध हवा हे गाडीच्या मॅन्युअलमध्ये बघायचं, कारण वायरीच्या जातीप्रमाणे आकडा बदलतो. काही उत्पादक एका वायरीला जास्तीत जास्त २५ किलोओहम अशी मर्यादा देतात. लांब वायरीचा रोध आखूडपेक्षा जास्त येणार, ते बरोबरच आहे. पण दोन साधारण सारख्या लांबीच्या वायरींत दुपटीचा फरक असेल तर जास्त रोधाची वायर संशयित.

आकडा बघून थांबू नका. सळ्या तशाच धरून वायर हळूच वाकवा, टोकांजवळ थोडी हलवा. आकडा ११ वरून एकदम ४० वर उडी मारून परत आला, की आतला धागा तुटलेला आहे. सरळ धरलेली वायर निर्दोष आकडा दाखवते आणि गाडीत गेली की रुसते, त्याचं कारण हेच. आणि हेही लक्षात असू द्या, की मीटर फक्त गाभा तपासतो. इन्सुलेशन फुटलंय का, ते त्याच्या दोन-चार व्होल्टांना कळणार नाही. त्यासाठी अंधारातली चाचणीच.

बसवताना

नवा संच आणल्यावर प्रत्येक वायर जुनीशेजारी धरून लांबी जुळवा. आखूड वायर ताणून बसवली तर निसटते, फार लांब असली तर एक्झॉस्टच्या तापलेल्या मॅनिफोल्डवर, म्हणजे इंजिनातून धूर बाहेर नेणाऱ्या नळ्यांवर लोंबते. प्लगच्या टोकाला पिटुकली नट असते. काही वायरींना ती लागते, काहींना नुसता आटेदार खिळा चालतो. नट लागत असेल तर ती घट्ट आहे ना, बघा.

बुटाच्या आतल्या कडेला डायइलेक्ट्रिक सिलिकॉन ग्रीसचा पातळ थर द्या, बोटाच्या टोकावर मावेल एवढाच. हे ग्रीस वीज वाहून नेत नाही. ओलावा बाहेर ठेवणं आणि पुढच्या वेळी बूट सहज सुटणं, एवढंच त्याचं काम. म्हणून धातूच्या टर्मिनलवर त्याचा गोळा थापू नका. चेसिसला मारायचं साधं पेट्रोलियम ग्रीस इथे चालत नाही, त्याने रबर फुगतं.

आता बूट प्लगवर सरळ दाबा. ‘टक्’ असं जाणवलं पाहिजे. आवाज आला नाही तरी बोटांना कळतं. कधी कधी बूट बसतो आणि दोन सेकंदांत आपोआप वर सरकतो. आत कोंडलेली हवा त्याला ढकलते. बुटाची कड नखाने किंचित उचलून हवा सोडा आणि पुन्हा दाबा. शेवटी हलकासा ओढून बघा, हातात आला तर तो बसलेलाच नव्हता. दुसरं टोक कॉइलवर किंवा डिस्ट्रिब्युटरच्या (एकेका वायरीला क्रमाने ठिणगी वाटणाऱ्या भागाच्या) कॅपवर तसंच बसवायचं.

वायरींचा क्रम चुकलाच, तर घाबरायचं कारण नाही. चार सिलिंडरच्या बहुतेक इंजिनांचा फायरिंग ऑर्डर १-३-४-२ असतो, पण सगळ्यांचा नाही, म्हणून मॅन्युअल किंवा इंजिनावरचा शिक्का बघा. एक नंबरचं सिलिंडर बहुधा बेल्टच्या बाजूचं असतं. डिस्ट्रिब्युटर असेल तर कॅपवरच्या एक नंबरच्या खाचेपासून, रोटर (कॅपच्या आतला फिरता काटा) ज्या दिशेला फिरतो त्याच दिशेने, पुढची वायर ३, मग ४, मग २ अशी लावायची. डिस्ट्रिब्युटर नसून जोडकॉइल असेल तर १ आणि ४ एकाच कॉइलीवर, २ आणि ३ दुसरीवर. या पद्धतीत कॉइल दोन्ही प्लगांना एकाच वेळी ठिणगी देते, त्यामुळे एका कॉइलीच्या दोन वायरींची आपसांत अदलाबदल झाली तरी इंजिन नीट चालतं. पण १ ची वायर २ वर गेली, की बार निघालाच.

वायरी मूळ क्लिपांतून, मूळ वाटेनेच न्या. नीटनेटकं दिसावं म्हणून सगळ्यांची जुडी करून पट्टी आवळायचा मोह होतो. तो टाळा. लागोपाठ पेटणाऱ्या दोन सिलिंडरांच्या वायरी लांबवर एकमेकींना चिकटून समांतर गेल्या, तर एकीतला करंट दुसरीत ठिणगी जागवू शकतो, विशेषतः व्ही आकाराच्या सहा-आठ सिलिंडरच्या इंजिनांत. ओलांडावीच लागली तर काटकोनात ओलांडू द्या.

नंतरची निगा

यात फार काही नाही. दर सर्व्हिसला कोरड्या फडक्याने वायरी पुसा, क्लिपा जागेवर आहेत का बघा, रबर कुठे घासतंय का ते बोट फिरवून तपासा. इंजिनावर दाबाच्या पाण्याचा फवारा मारू नका. बदलायचा काळ उत्पादकाप्रमाणे वेगळा असतो, साधारण ५०,००० ते १,००,००० किलोमीटरच्या दरम्यान. बदलताना पूर्ण संच बदला. एक गेली म्हणजे बाकीच्याही त्याच उष्णतेत, तेवढीच वर्षं होत्या.

प्लगांकडे मात्र वेळेवर बघा. प्लग झिजला, की त्याची फट वाढते आणि ती ओलांडायला ठिणगीला जास्त व्होल्टेज लागतं. तो वाढलेला दाब वायरीच्या इन्सुलेशनवर येतो. दुबळी वायर तिथेच गळते. सीएनजीवर चालणाऱ्या गाडीत मुळातच जास्त व्होल्टेज लागतं, म्हणून तिथे प्लग-वायरींची कुरबुर लवकर सुरू होते.

लाल-निळ्या जाडजूड ‘परफॉर्मन्स’ वायरींनी साध्या गाडीची ताकद वाढते, यावर माझा विश्वास नाही. मूळ वायर धडधाकट असेल तर ठिणगी पुरेशीच पडते. योग्य लांबी, योग्य रोध आणि घट्ट बसणारा बूट, एवढंच बघून घ्या.

जुना संच काढल्यावर त्यातली सर्वांत लांब वायर मीटरवर ठीक ठरली तर फेकू नका. प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून डिकीत टाका. रस्त्यात कुठलीही वायर गेली तरी लांब वायर कुठल्याही जागी पुरते, फक्त गरम मॅनिफोल्डपासून दूर बांधा.