कमी प्रसिद्ध अभिनेत्रीची चित्रपटसूची कशी लावावी

छोट्या, स्वतंत्र चित्रपटांत काम केलेल्या अभिनेत्रीची कारकीर्द मांडायला बसलं की आधी तारखा अडतात. चित्रीकरण एका वर्षी, महोत्सवातला पहिला खेळ दुसऱ्या वर्षी, आणि वितरक मिळेपर्यंत आणखी काही वर्षं जातात. म्हणून तक्त्यात वर्षाचे तीन रकाने करा: चित्रीकरण, पहिलं जाहीर प्रदर्शन, वितरण. सूची चित्रीकरणाच्या क्रमाने लावा, कारण अभिनय कसा बदलत गेला ते त्याच क्रमात दिसतं. चित्रीकरणाचं वर्ष मिळालं नाही तर शेवटच्या श्रेयनामावलीतलं कॉपीराइटचं वर्ष घ्या आणि तशी नोंद करा. ते पुष्कळदा रोमन आकड्यांत असतं आणि झर्रकन सरकतं. चित्र थांबवून वाचा.

श्रेयनामावली स्वतः पाहण्याला पर्याय नाही. तिचं नाव पडद्यावर जसं आहे तसं, स्पेलिंगच्या चुकीसकट उतरवा. लग्नानंतर बदललेलं आडनाव किंवा एखाद्याच चित्रपटापुरतं घेतलेलं टोपणनाव यांमुळे अर्धी कारकीर्द नजरेतून निसटते. उलट, त्याच नावाच्या दुसऱ्या अभिनेत्रीचे चित्रपट हिच्या खात्यावर चढतात. आयएमडीबी या चित्रपटांची माहिती देणाऱ्या संकेतस्थळावर अशा दोघींच्या नावांपुढे कंसात रोमन अंक असतो, पण तिथली बरीच माहिती वापरकर्तेच भरतात, त्यामुळे चेहरा पडताळून बघाच.

एकच चित्रपट दोनदा मोजला जाणं ही नेहमीची चूक. खप वाढावा म्हणून वितरक शीर्षक बदलतो. दिग्दर्शक, कलाकार आणि लांबी ताडून पाहा. लांबीत मात्र एक मेख आहे: सेकंदाला २४ फ्रेम्सचा चित्रपट पाल या टीव्ही-प्रसारण पद्धतीच्या डीव्हीडीवर २५ च्या वेगाने चालतो आणि १०० मिनिटांचे ९६ होतात. काहीही कापलेलं नसतं.

प्रत्येक नोंदीपुढे पुराव्याची प्रतवारी लिहा. श्रेयनामावली पाहिली असेल तर ‘अ’, महोत्सवाची छापील पुस्तिका किंवा पोस्टर असेल तर ‘ब’, नुसती संकेतस्थळावरची नोंद असेल तर ‘क’. घोषणा होऊन कधीच न बनलेले चित्रपट ‘क’मध्येच सापडतात.

लघुपट गाळू नका. मोठ्या चित्रपटात दोन प्रसंग मिळालेल्या अभिनेत्रीला विद्यार्थ्यांच्या पंधरा मिनिटांच्या लघुपटात मध्यवर्ती भूमिका मिळालेली असू शकते, आणि तिचं सामर्थ्य तिथेच कळतं.

छोट्या चित्रपटांची संकेतस्थळं डोमेनचं नूतनीकरण थांबलं की नाहीशी होतात. जुना पत्ता वेबॅक मशीनमध्ये (वेबपानांच्या जुन्या प्रती साठवणाऱ्या संकेतस्थळावर) टाकून पाहा, आणि आज चालू असलेली पानं आजच तिथे साठवा.