चित्रपट-मालिकांच्या सेट सजावटीत काम सुरू करताना

कलादिग्दर्शकाने उभारलेल्या भिंतींना घरपण देण्याचे काम सेट डेकोरेटरचे असते. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-प्रशिक्षण संस्थेत कलादिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे आणि मुंबईचे जे. जे. स्कूल ऑफ आर्ट तर 1857 पासूनचे. तरीही माझ्या मते खरी तयारी गोरेगावच्या चित्रनगरीत एखाद्या कलादिग्दर्शकाचा सहायक म्हणून राबतानाच होते.

पटकथा हाती आली की प्रत्येक दृश्यातील वस्तूंची यादी करावी, त्यांतील कोणत्या भाड्याने आणायच्या, कोणत्या चोरबाजारात शोधायच्या आणि कोणत्या बनवून घ्यायच्या हे अंदाजपत्रकानुसार ठरवावे. नंतर विचार करावा तो पात्राचा. 1985 च्या गिरगावातील चाळीचे स्वयंपाकघर सजवायचे असेल, तर भिंतीवर त्याच वर्षाचे, कथेतल्या महिन्याचे पान उघडलेले कालनिर्णय हवे, दुधाच्या हिशेबाच्या खुणा त्यावर असाव्यात, आणि पितळी डबे झाकणाच्या कडेला, जिथे रोज बोटे लागतात, तिथेच उजळलेले दिसावेत. सगळेच लखलखीत असेल तर ते घर दुकान वाटते.

चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही, म्हणून प्रत्येक दृश्यानंतर सेटची छायाचित्रे काढून ठेवावीत. पेल्याची जागा बदलली तरी संकलनात ते उघडे पडते. भाड्याच्या सामानाची नोंद आणताना व परत करताना, दोन्ही वेळा सहीनिशी करावी. काम मागायला जाताना पूर्ण झालेल्या सेटबरोबर रिकाम्या सेटचेही छायाचित्र दाखवावे.