ओव्हन म्हणजे फडताळ नव्हे

मिनेसोटात येऊन मला 29 वर्षं झाली. दर ऑगस्टमध्ये आमच्या भागात दोन-चार नवी मराठी कुटुंबं येतात. त्यांच्याकडे पहिल्यांदा चहाला गेले की मी आधी स्वयंपाकघरात जाऊन ओव्हनचं दार उघडते. आत कढई, तवा, कुकरची भांडी, प्लॅस्टिकचे डबे, एखाद्या घरी पोह्यांचं पाकीटसुद्धा. सगळं बाहेर काढायला लावल्याशिवाय मी चहा घेत नाही. कुणाला तो आगाऊपणा वाटला तरी चालेल.

1997चा जानेवारी. माझी मुलगी बारा दिवसांची होती. शेजारच्या आजी काचेच्या भांड्यात हॉटडिश घेऊन आल्या. एकाच भांड्यात सगळं घालून ओव्हनमध्ये भाजलेल्या ज्या पदार्थाला देशात इतरत्र कॅसरोल म्हणतात, त्याला इकडे हॉटडिश म्हणतात. एरवी त्यात खिमा असतो, पण आम्ही मांस खात नाही हे लक्षात ठेवून त्यांनी बटाटे, मटार आणि चीज घातलं होतं. "तू बाळाजवळ बस, मी गरम करते," म्हणाल्या आणि ओव्हन 350 वर लावला. आत पाहिलं नाही. त्यांच्या घरचा ओव्हन नेहमी रिकामाच असायचा, मग बघतील कशाला? आत माझे सात प्लॅस्टिकचे डबे आणि लाकडी मुठीची कढई होती. थोड्या वेळात काळा धूर यायला लागला. मी धावत जाऊन दार उघडलं, आणि हवा मिळताच आतून ज्वाळा आली. धुराचा अलार्म वाजला, सगळी इमारत रिकामी झाली. हाडं गोठवणाऱ्या थंडीत बाळाला रजईत गुंडाळून मी रस्त्यावर उभी होते. अग्निशमनवाले आले. कुणाला इजा झाली नाही, पण घरमालकाने 640 डॉलर डिपॉझिटमधून कापले. तेव्हा आमचं महिन्याचं भाडं तेवढं होतं. आजी कितीतरी दिवस माझी माफी मागत राहिल्या, आणि चूक सगळी माझी होती.

तेव्हा ओव्हनमध्ये काहीही ठेवू नका, एक रात्रसुद्धा नाही. लावण्याआधी दार उघडून बघा. आत पेटलंच, तर बटण बंद करा आणि दार मुळीच उघडू नका. हवा मिळाली नाही की आग विझते. विझली नाही तर बाहेर पडा आणि 911 ला, म्हणजे इथल्या आणीबाणीच्या नंबरला, फोन करा. तवे-कढया ठेवायला पुष्कळ ओव्हनांच्या खाली खण असतो. मात्र गॅसच्या काही ओव्हनांत तिथे ब्रॉयलर, म्हणजे थेट ज्वाळेखाली पदार्थ भाजायची जागा असते, म्हणून आधी वाकून बघा.

ही चूक आपणच का करतो, यावर मी पुष्कळ विचार केला आहे. आपला स्वयंपाक शेगडीवर होतो. फोडणी, भाकरी, आमटी, सगळं वरून आणि डोळ्यांसमोर. अमेरिकन घराचा स्वयंपाक पिढ्यान् पिढ्या बंद दाराआड, भट्टीत होत आला आहे. अमेरिकेच्या ईशान्येला न्यू इंग्लंडमध्ये वसलेले प्युरिटन नावाचे कडक ख्रिस्ती पंथाचे लोक शनिवारी संध्याकाळपासूनच रविवारचा विसावा पाळायचे. त्या वेळात काम निषिद्ध, म्हणून पांढऱ्या घेवड्याचे दाणे मातीच्या भांड्यात घालून आधीच विटांच्या भट्टीत सरकवून ठेवायचे. बॉस्टनचे ते बीन्स पुढे काकवी घालून होऊ लागले, आणि आजही तसेच होतात. एकोणिसाव्या शतकात बिडाच्या चुली घरोघरी आल्या आणि पाव, पाय, केक रोजच्या आवाक्यात आले. तापमान दाखवणारा काटा नव्हता. बायका आत हात धरून, किती वेळ सोसवतो त्यावरून आच ओळखायच्या. तवा हाताने जोखणाऱ्या आपल्या आज्यांना ते लगेच कळलं असतं.

काचेच्या भांड्याचीही गोष्ट सांगते. न्यूयॉर्क राज्यातल्या कॉर्निंग गावात काचेचा कारखाना होता. तिथे काम करणाऱ्या जेसी लिटलटन यांच्या पत्नी बेसी यांनी 1913 मध्ये बॅटरीसाठी बनवलेल्या काचेच्या बरणीचा कापलेला तळ घेतला आणि त्यात केक भाजला. केक उत्तम झाला. 1915 मध्ये पायरेक्स नावाची ओव्हनमध्ये चालणारी काचेची भांडी बाजारात आली. शिजवायचं ज्यात, पानावर वाढायचंही त्यातच, अशी सोय झाली. पण हे भांडं गॅसवर किंवा कॉइलवर ठेवू नका, आणि गरम असताना त्यावर गार पाणी सोडू नका. फुटलं तर तुकडे घरभर उडतात.

मापांबद्दल थोडक्यात: कप म्हणजे सुमारे 240 मिलि, टेबलस्पून 15, टीस्पून 5, आणि वरून सपाट केलेले. 1896 मध्ये फॅनी फार्मर यांनी पुस्तक लिहून ही सपाट मापांची शिस्त देशभर लावली. ओव्हनचे आकडे फॅरनहाइटमध्ये असतात. 350 म्हणजे सुमारे 175 सेल्सियस.

जेवण इथे संध्याकाळी सहाला. साडेआठला बोलावलंत तर पाहुणे जेवून येतील.

आता शाकाहाराबद्दल. "यात मांस आहे का?" असं विचारू नका. उत्तर "नाही" येईल आणि ते खोटं नसेल, कारण इथे मांस म्हणजे दिसणारा तुकडा. नाव घेऊन विचारा: चिकन ब्रॉथ (कोंबडी उकळलेलं पाणी) आहे का, बेकन (डुकराचं खारवलेलं मांस) आहे का, लार्ड (डुकराची चरबी) आहे का, जिलेटिन आहे का? भरल्या टर्कीसोबतच्या स्टफिंगमध्ये, म्हणजे पावाच्या सारणात, बहुधा ब्रॉथ असतो, पायच्या पारीत लार्ड असू शकतं. चर्चच्या तळघरातल्या जेवणात दिसणारं रंगीत, थरथरतं जेल-ओचं सॅलड आणि रताळ्यांवरचे मार्शमेलो, दोन्हींत जिलेटिन असतं, आणि ते जनावरांच्या कातडी-हाडांपासून करतात. विचारल्याने कुणाला राग येत नाही. न खाता पान तसंच ठेवलं, तर मात्र वाईट वाटतं.

थँक्सगिव्हिंगचं, म्हणजे कृतज्ञतेच्या सणाच्या जेवणाचं, बोलावणं आलं तर जा. नोव्हेंबरातला चौथा गुरुवार. सेरा जोसेफा हेल या संपादिकेने वर्षानुवर्षं पत्रं आणि लेख लिहून हा सण देशाचा व्हावा म्हणून पाठपुरावा केला. 1863 मध्ये, यादवी युद्ध चालू असताना, लिंकन यांनी तसा जाहीरनामा काढला. घरच्यांसाठी राखलेल्या या दिवशी परक्याला बोलावणं ही मोठी गोष्ट आहे. आपल्यातली कितीतरी मंडळी "त्यांच्याकडे आपण काय खाणार" म्हणून टाळतात आणि चार मराठी घरांतच सण काढतात. पंधरा वर्षं राहून शेजाऱ्याच्या टेबलावर एकदाही न बसलेली माणसं मला माहीत आहेत. मला ते फार चुकीचं वाटतं. आणि खायला असतंच: मार्शमेलो नसलेली रताळी, मका, बटाटे. बटाटा, रताळं, शेंगदाणा, मिरची आणि ज्याच्यापासून साबुदाणा होतो तो कंद, ही आपली बरीचशी उपासाची थाळी मुळात अमेरिका खंडांतूनच आली आहे. मी दरवर्षी साबुदाणा खिचडी नेते आणि हे सांगते. भांडं रिकामं होतं.

बाळंतपण, आजारपण, मृत्यू, काहीही असो, इथे शेजारी शिजवलेलं भांडं घेऊन दाराशी येतात. ते "कशाला त्रास घेतलात" म्हणत परत पाठवू नका. भांड्याच्या तळाशी चिकटपट्टीवर नाव लिहिलेलं असतं, आपल्याकडे स्टीलच्या भांड्यांवर नाव घालून घेतात तसं. ते पाण्यात भिजवून पुसून टाकू नका, परत कुणाकडे द्यायचं ते त्यावरूनच कळतं. आठवड्याच्या आत परत करा, आणि आपल्याकडच्या रीतीप्रमाणे रिकामं नको. मी आजींच्या भांड्यातून रव्याचे लाडू नेले होते. पुढच्या वेळी त्या आल्या, तेव्हा हॉटडिश खाली ठेवून त्यांनी आधी ओव्हनचं दार उघडून पाहिलं.