लंडनला गार्ड बदलताना बघायचंय? मग वॉकिंग टूर घ्याच

बकिंगहॅम पॅलेसचं चेंजिंग द गार्ड फुकटच असतं, पण गेटच्या जाळीपाशी जागा धरायची तर तास-दीड तास आधी जाऊन उभं राहावं लागतं आणि लहान मुलं सोबत असतील तर ती पार कंटाळतात, त्यापेक्षा गाईडवाली वॉकिंग टूर खरंच बरी. गाईड आधी सेंट जेम्स पॅलेसला नेतो, मग ‘द मॉल’ नावाच्या रस्त्यावर, बँड अगदी समोरून वाजवत जातो ना, अंगावर काटा येतो! गार्डच्या कोटाची बटणं नक्की बघा, एकेक सुटं असेल तर तो ग्रेनेडियर रेजिमेंटचा, जोडीजोडीने असतील तर कोल्डस्ट्रीम रेजिमेंटचा. सोहळा रोज नसतो, जोरदार पाऊस असला तर रद्दही होतो, म्हणून आदल्या रात्री वेळापत्रक बघूनच बुकिंग करा.